पत्रिकेतली सगळ्यात खालची ओळ

माय,

तुझे गुडघे आता कसे आहेत? तिकडं चढउतार आहे का सगळं सपाटच आहे, हे इथून गेलेल्या कुणी परत येऊन सांगितलं नाही, म्हणून विचारते. बाबांचा खोकला थांबला असेल असं धरून चालते. तिथं तंबाखू मिळत नसावी, आणि मिळत असली तर पुडी तूच लपवून ठेवली असशील. अक्काचं डोकं उन्हानं चढायचं, तिच्या कपाळाला अजून सुंठ उगाळून लावतेस का? मामाला एका कानानं ऐकू येत नव्हतं, तो कान उघडला का? उघडला असला तर त्याला हळू बोलायला शिकव, जिता असताना त्याची कुजबुज शेजारच्या शिवारात ऐकू जायची. आणि आपली तांबडी गाय, मी सासरी गेले तर दोन दिवस वैरणीला तोंड लावलं नाही म्हणे, ती तुमच्यातच आहे का जनावरांचं गाव निराळं असतं?

इकडचं म्हणशील तर मी बरी आहे. एका डोळ्याचा मोतीबिंदू काढला, दुसऱ्याचा पुढच्या हिवाळ्यात काढू म्हणतात. साखर निघाली आहे, पण ती आता घरोघर आहे. डब्यात नसली तरी अंगात असतेच. माझ्या पोराची कंबर धरते, आणि ती धरली की तो सगळ्या घराला धरतो. सुनेला काही होत नाही, तिला आजारी पडायला वेळ नाही. आणि नात, जिला तू पाहिलं नाहीस, ती ठणठणीत आहे. तिचं लग्न ठरलं आहे.

हे पत्र त्याचसाठी. तिच्या पत्रिकेत तुझं नाव छापून यावं असं मी मनावर घेतलं, आणि आता त्यातच अडकून बसले आहे. सोमवारी वसमतच्या छपाईवाल्याला शेवटचं कळवायचं आहे आणि आज शुक्रवार. तू एवढी एक गोष्ट सांगितलीस की काम झालं. पण ती विचारायच्या आधी मला मागचं सगळं सांगू दे. तुला ठाऊकच आहे, मी गाठोडं सोडायला बसले की आधी चिंध्या निघतात आणि मग लुगडं.

सुरुवात नातीनं केली. महिन्यापूर्वीची गोष्ट. मी ओसरीवर शेंगा फोडत बसलेली, ती मोबाइल घेऊन शेजारी टेकली आणि म्हणाली, "आजी, तू कार्डाला पत्रिका काहून म्हणतीस गं? पत्रिका म्हंजे तर गुरुजी बघतात ती. गुण जुळवायची."

"ती जन्माची," मी म्हटलं, "ही लग्नाची."

"मग मरणाची?"

"तिला चिठ्ठी म्हणायचे. आन् तिचं नाव काढू नको, घरात लग्न हाय."

पोरगी हसली आणि गेली, पण तो प्रश्न माझ्या पदराला कुत्र्यासारखा (म्हणजे शिवारातलं ते काटेरी गवत, ते कुत्रं) चिकटून राहिला. सत्तरी ओलांडेपर्यंत हा शब्द हजार वेळा तोंडातून गेला, आणि त्याच्याकडे कधी वळून पाहिलं नाही. मग मी ज्याला त्याला विचारत सुटले. गुरुजी मुहूर्त सांगायला आले तर त्यांना धरलं. ते म्हणाले, आजीबाई, मूळचं नाव कुंकुमपत्रिका. कागदावर कुंकू शिंपडून धाडायची ती. मी म्हटलं, आता तर कुंकू शिंपडत नाहीत, मग नाव काहून राहिलं? त्यांनी जरा विचार केला आणि म्हणाले, "शाई तांबडी असते ना." एवढं बोलून चहाचा कप उचलला. म्हणजे त्यांनाही पुढचं ठाऊक नव्हतं, पण माणूस चांगला.

जवळा बाजारला आठवड्याच्या बाजारी गेले तेव्हा वह्यापुस्तकांच्या दुकानात शिरले. तिथं फळीवर सगळं मांडलेलं. लग्नाचं वेगळं, वाढदिवसाचं वेगळं, दुकान उघडायचं वेगळं, नव्या वर्षाचं चकचकीत वेगळं. दुकानदाराला म्हटलं, बाबा, ह्या सगळ्यांना मिळून काय म्हणायचं? तो डोकं खाजवून म्हणाला, "कार्डच म्हना आजी. सगळ्यांना पुरतं." मी म्हटलं, "सगळ्यांना पुरणारी वाकळ थंडीत कोणालाच पुरत न्हाई रे." तो हसला, पण खरं सांगते, मला ते पटलं नाही. नात दुसरीत होती तेव्हा बाईंनी वर्गात एक करायला लावलं होतं. जाड कागदाची घडी, वर कापसाचं बोंड चिकटवलेलं, आत लिहिलेलं 'आजीस शुभेच्छापत्र'. आणि माझ्या हातात देताना पोरगी म्हणते काय, "आजी, तुला ग्रीटिंग." कागदावर एक आणि तोंडात दुसरं! त्याला मी काही पत्रिका म्हटलं नव्हतं. तेव्हा कळलं नाही, आता वाटतं की फरक आहे. ग्रीटिंग येतं, दोन गोड शब्द बोलतं आणि बसून राहतं. पत्रिका आली की आपल्याला उठावं लागतं, ठेवणीतलं लुगडं काढावं लागतं. ती बोलावणं घेऊन आलेली असते.

आणि आणखी एक सापडलं, ते तुला आवडेल. आवतण आपण देतो. पत्रिका आपण वाटतो. कार्ड मात्र टाकतात. नात परवा फोनवर मैत्रिणीला म्हणत होती, "कार्ड टाकलंय ग्रुपवर, बघ." वाटायचं म्हटलं की पायात वहाण आली, दारात उभं राहणं आलं, पाणी पिणं आलं, "लेकराबाळांसहित या बरं का" आलं. टाकायला माणसाला जागचं हलावं लागत नाही. त्या मोबाइलमधल्या कार्डात गणपती हलतो, सनई वाजते, फुलं पडतात. मी म्हटलं, पहिली पत्रिका नागनाथाला ठेवायची असते, ही कशी ठेवणार? आणि मग माझ्या हातून एक काम झालं. पत्रिकेच्या चारी कोपऱ्यांना हळद लागल्याशिवाय ती घराबाहेर जाऊ नये, हे तूच अंगात भिनवलेलं. नातीनं मोबाइल चुलीपाशी ठेवला होता, त्यात ते कार्ड उघडलेलं. मी वाटीत बोट बुडवलं आणि काचेच्या चारी कोपऱ्यांना हळद लावली. काय ओरडली माय! "आजीऽ! कव्हरच्या आत गेली ना!" सून आतून धावत आली, तिला वाटलं मी पडले. आता त्या मोबाइलचे कोपरे पिवळे आहेत, ते काही केल्या निघत नाहीत. वसमतची हळद आहे, निघेल कशी.

तुझी बोटं तशीच पिवळी असायची. हळद शिजवायचे दिवस आले की कढईच्या वाफेत तू दिवसभर उभी, आणि पुढे चार महिने भाकरीवरसुद्धा तुझ्या बोटांचे ठसे. त्याच बोटांनी तू आलेली प्रत्येक पत्रिका हातात घेऊन आधी गणपती शोधायचीस. गणपती वर आला की पत्रिका सुलटी. मग ती तुळईला टांगलेल्या तारेत अडकवायचीस. त्या तारेत सगळ्या नात्यागोत्याची लग्नं एकावर एक टोचलेली होती. तुला एक अक्षर येत नव्हतं, पण कागदाच्या रंगावरून तू सांगायचीस, ही गुलाबी मामाच्या पोरीची, ही पिवळी कळमनुरीकडच्यांची, ही फाटकी, जिच्या लग्नात मांडव उडाला ती.

माझी शाळा दुसरीत सुटली. धाकट्याला सांभाळायला घरी कोणी नव्हतं, त्याचं मला तेव्हाही काही वाटलं नाही आणि आता उगाळण्यात अर्थ नाही. पण धाकट्याला मांडीवर झोपवून वर बघत बसायचं तर वर ती तार. मी पाट घेऊन तिच्याखाली उभी राहायची आणि एकेक पत्रिका काढून लावून बघायची. माझं भाग्य असं की सगळ्या पत्रिका एकच बोलतात. एकीत 'सहकुटुंब सहपरिवार' कळलं की सगळ्यांत कळलं. एकीतलं 'आग्रहाचे निमंत्रण' ओळखू आलं की दुसरीत ते कुठं बसलंय ते बोटाला आधीच ठाऊक. फक्त नावं बदलायची. नाव हीच अवघड जागा. मला कितीतरी दिवस वाटायचं की सगळ्या नवऱ्या मुलींचं नाव चिसौकां असतं. मी तुला विचारलं होतं, "माय, माझं नाव लग्नात चिसौकां ठेवणार का?" आणि तू म्हणालीस, "तुजं नाव तुजा नवरा ठिवंल, त्याला आवडंल ते." ते चि. सौ. कां. म्हणजे चिरंजीव सौभाग्यकांक्षिणी, हे मला पुढं कळलं, आणि तिनं सौभाग्याची आकांक्षा धरायची, त्यानं नुसतं चिरंजीव व्हायचं, याचं नवल अजून वाटतं.

पहिलं नाव मी वाचलं ते मात्र पत्रिकेतलं नव्हतं. तुझ्या डाव्या हातावरचं. तू पीठ मळतेस, बांगड्या कोपरापाशी सरकवलेल्या, आणि मनगटाच्या वर तीन हिरवी अक्षरं पिठानं पांढरी होऊन येतात. मी एकेक करून वाचते. तू मळायची थांबतेस. "पुन्यांदा वाच." मी पुन्हा वाचते. तू म्हणतेस, "लई दिवसांनी ऐकलं." तेव्हा तू सांगितलंस, जत्रेत तुझ्या मायनं गोंदून घेतलं होतं, रडू नये म्हणून तोंडात बत्तासा दिला होता. मग लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीनं दुसरं नाव लिहिलं. "तांदळातलं धुतलं, शिजवलं आन् खाल्लं," तू हसत म्हणालीस, "हातावरचं कुठं जातंय?" पण माय, तुला त्या दोन्ही नावांनी कुणी हाक मारलेली मी ऐकली नाही. बाबा "ऐकलं का" म्हणायचे, आजी "अगं ए", आणि गाव तुला अक्काची माय म्हणायचं.

मग अक्काचं लग्न निघालं. मी दहा वर्षांची असेन. बाबा वसमतहून पत्रिकांचा गठ्ठा घेऊन आले, गुलाबी कागद, तांबडी शाई, अजून वास येत होता. ओसरीवर पुरुष बसले आणि वाचून झालं. बाबांचं नाव, आजोबांचं, दोन्ही चुलत्यांचं, भावकीतल्या अकरा जणांचं, आणि चुलत्याचं सहा महिन्यांचं पोरगं, ज्याला अजून मान धरता येत नव्हती, त्याचंही नाव खाली बाळगोपाळांत. सगळे खूश. तू चहा दिलास आणि गेलीस. दुपारी पुरुष बाहेर पडल्यावर तू एक पत्रिका घेऊन माझ्यापाशी आलीस, हात धुऊन, पदराला पुसून. तशी तू देवाच्या पोथीलाच हात लावायचीस.

"तुला येतं ना वाचता?"

"येतं."

"मग म्या कुठं हाय त्यात, दाव."

मी गणपतीपासून निघाले. वाचत वाचत खाली आले. तू माझ्या तोंडाकडं बघत नव्हतीस, माझ्या बोटाकडं बघत होतीस. कागद संपत आला. सगळ्यात खाली मुंगीएवढ्या अक्षरांत एक ओळ होती, तिच्यावर मी बोट ठेवलं. "हे बघ. हितं."

तू वाकून पाहिलंस. "एवढं बारीक?"

"बायांचं बारीकच छापतात," मी म्हटलं.

"आसू दे," तू म्हणालीस. "हाय ना? मग झालं." आणि हळदीचं बोट त्या ओळीवर टेकवलंस.

दुसऱ्या दिवसापासून तू गावातल्या बायकांना बोलवायला निघालीस. पुरुषांच्या पत्रिका पुरुषांनी वाटल्या, पण बाई बाईनं बोलावल्याशिवाय येत नाही. ऊन असं की वहाण चिकटायची. पुढं तू, मागं कुंकवाची कुयरी घेऊन मी. दर दारात तू कुंकू लावायचीस, म्हणायचीस, "चूलबंद या बरं का, घरात चूल पेटवायची न्हाई," आणि मग कमरेची पत्रिका काढून ती खालची ओळ दाखवायचीस. "ह्या मुंगीच्या अक्षरात म्या हाय." बाया वाकून बघायच्या. वाचता कुणालाच येत नव्हतं, पण सगळ्यांना दिसायचं. एक म्हातारी तर म्हणाली, "व्हय की गं, तुज्यावानीच दिसून राहिलं." आणि मी मागं उभी राहून देवाला म्हणत होते, मास्तरांचं घर येऊ देऊ नको.

आलंच ते. मास्तरीणबाई शिकलेल्या, पुण्याकडच्या. त्यांनी पत्रिका हातात घेतली, चष्मा लावला. तू त्यांच्या खांद्याजवळ जाऊन बोट ठेवलंस. "बाई, हे माजं." त्यांनी वाचलं. मग चष्म्यावरून माझ्याकडं पाहिलं. मी कुयरीतलं कुंकू न्याहाळायला लागले. "हो," त्या म्हणाल्या, "दिसलं. छान आलंय." आणि त्यांनी आतून गुळाचा खडा आणून माझ्या हातावर ठेवला. तो गूळ मी खाल्ला नाही, येताना गोठ्यात शिरून तांबडीला दिला.

आता इकडं ये. मागच्या रविवारी आमच्याकडं नावांची यादी करायला बसले. माझा पोरगा वही घेऊन, नात मोबाइल घेऊन. मी म्हटलं, एक नाव माझ्या मायचं घाला.

"आई," पोरगा म्हणाला, "भावकीचीच चाळीस होऊन राहिली. एक सोडलं तर मांडवात पाय ठेवणार न्हाईत. त्यात तुझ्या मायचं कुठं बसवू? लोक इचारतील, ही कोण?"

"सांग की, माझ्या आईची माय."

"वर 'समस्त आजोळ मंडळी' टाकतो. समस्त म्हटलं की सगळी आली."

"समस्त म्हंजे पोतं. म्या एक दाणा मागून राहिले."

त्यानं कंबर धरली. तो वाद संपवायचं असलं की कंबर धरतो. पण नात उठली आणि म्हणाली, "आजी, चल वसमतला. जागा हाय का न्हाई ते छापणाराच सांगंल." आम्ही दोघी एसटीनं गेलो. छपाईवाला तरुण आहे, नातीच्याच वयाचा असेल, पण दुकान त्याच्या आजोबांच्या वेळचं. अक्षरांचे खिळे जुळवायचं जुनं यंत्र कोपऱ्यात, त्यावर आता झाडाची कुंडी. त्यानं पडद्यावर पत्रिका आणली. मी वरून खाली वाचली. एका डोळ्यानं वाचते, पण वाचते.

"जागा न्हाई आजी. एक सुई बसायची न्हाई."

"खाली आहे की. ही शेवटची ओळ."

"ती आमची असती. दुकानाचं नाव, नंबर. आजोबांच्या वेळंपासून तिथंच येतं."

"ठाऊक हाय मला," मी म्हटलं. "ती दे."

तो नातीकडं बघून हसला. "आजी, ती दिली तर पुढचं गिऱ्हाईक कुठून येईल? ती वळ कोणी तरी वाचतं म्हणून तर छापतो."

"वाचतात. माझी माय सगळ्यात आधी तीच वाचायची."

का कुणास ठाऊक, त्यानं मानलं. कळीवर बोट दाबलं आणि ती ओळ मागून पुढं पुसत पुसत गेली. तिथं आता नुसती एक उभी रेघ उघडमीट करत होती. "सांगा आजी," तो म्हणाला. "आधी काय लावू? गं. भा. का कै.?"

"काही लावू नको. नुसतं नाव."

"बरं. नाव सांगा."

आणि माय, मी तोंड उघडलं आणि तसंच राहिलं. हातावरचं सांगू का तांदळातलं? नात म्हणाली, आजी, नाव विसरलीस? विसरले नव्हते, दोन्ही तोंडात होती. तो पोरगा वाट बघत बसला, मग म्हणाला, सोमवारपर्यंत फोन करा, ओळ रिकामी ठेवतो. येताना एसटीत नात म्हणत होती की हातावरचंच घाल, ते तिचं स्वतःचं. माझा पोरगा म्हणतो, छापायचंच असलं तर सासरचं, कागदोपत्री तेच आहे. घरात पहिल्यांदाच दोघंही तुझ्याबद्दल भांडतायत, म्हणजे तो राजी झालाच म्हणायचा. मला मात्र दोघांचंही पटतं. गोंदण तेवढं माणसाच्या सोबत वर जातं म्हणतात. मग तिकडं तुला सगळे त्या हिरव्या नावानं हाक मारत असतील का? बाबासुद्धा?

एक गोष्ट राहिली. तुझ्या माघारी तुझी पेटी उघडली तेव्हा लुगड्यांच्या तळाशी ती गुलाबी पत्रिका निघाली. दर दिवाळीला तू तिची पूजा करायचीस हे मला ठाऊक होतं. खालच्या ओळीवर हळदकुंकवाचा थर इतका की नखानं खरवडला तरी अक्षर दिसेना. ते बघून मला हायसं वाटलं, आणि त्या हायसं वाटण्याचीच लाज वाटली. त्याआधी, माझ्या लग्नाच्या वेळी, पत्रिका आल्या तेव्हा तू मला तुझं नाव दाखवायला सांगितलं नाहीस. लांबूनच विचारलंस, "खालची वळ हाय ना?" मी म्हटलं, हाय. तू म्हणालीस, "मग झालं." तेव्हापासून मी विचार करते आहे, मास्तरीणबाई तुला कधी काही बोलल्या होत्या का? का तू त्या दुपारीच, माझ्या बोटाकडं बघता बघता, ओळखलं होतंस? ओळखलं असशील तर दिवाळीला हळद कुणाच्या नावाला लावत होतीस?

हे पत्र टपालात टाकायचं नाही एवढं मला समजतं. माझ्याकडंही एक तार आहे, तिच्यात सगळ्यात वर अडकवून ठेवते. पण लिहायला बसले ते हे सांगायला. माय, अक्काच्या पत्रिकेत तुझं नाव नव्हतं. माझ्याही नव्हतं. त्या मुंगीच्या अक्षरांत वसमतच्या छापखान्याचा पत्ता होता. मला तेव्हा सगळं वाचता येत होतं, फक्त 'नाही' म्हणता आलं नाही.

ह्या वेळी ओळ रिकामी आहे. हातावरचं का तांदळातलं, एवढंच कळव. तुला लिहिता येत नसलं तर मास्तरीणबाई तिकडंच असतील, त्यांच्याकडून लिहून घे, आणि त्यांना म्हणावं, या वेळी खरं वाचून दाखवा. सोमवार जवळ आला आहे. लवकर उत्तर धाड.